गळा आणि घसा

माझी लेक दीड वर्षाची होत आली तेव्हा माझा गळा सुजायला लागला. दुखत काहीच नव्हतं. पोलक्याचं वरचं बटण लागेना, तेव्हा लक्ष गेलं. त्याआधी काही महिने माझं सगळंच बिघडलेलं होतं, पण ते कुणी दुखणं म्हणून धरलं नव्हतं. दोन माणसांचं जेवण जेवायची आणि तरी वाळत चालले होते. कार्तिकातल्या थंडीत घामानं पाठ भिजायची. पालकाच्या जुड्या बांधायला बसले की हात इतके थरथरायचे की सुतळीची गाठ बसत नसे. आणि राग. एकदा वरणाचा अख्खा गंज, भरलेलं पातेलंच, मी अंगणात भिरकावला, कारण आमचे हे दुसऱ्यांदा मीठ मागत होते. मामाजींनी, म्हणजे माझ्या सासऱ्यांनी, ओसरीवरून ते पाहिलं आणि ते उठून मळ्यात निघून गेले.

आमचं घर वडनेरच्या अलीकडच्या एका खेड्यात. विहिरीच्या पाण्यावर वांगी, पालक, मेथी, मुळे, सांबार म्हणजे कोथिंबीर. थोरले दीर भाजी पहाटे बैलबंडीत घालून बाजाराला न्यायचे. सासू माझ्या लग्नाआधीच वारलेली. घराचा सगळा कारभार थोरल्या जावेकडे. तिला मूल नव्हतं. तिच्या लग्नाला तेव्हा दहाएक वर्षं झाली असतील, आणि तो विषय घरात कुणी काढत नसे. मी तिला बाई म्हणायची. ती मला नावानं हाक मारी, आणि जीव कळवळला की माय म्हणे.

मला दवाखान्यात न्यायचं तिनंच ठरवलं. शेजारच्या एकीनं बाहेरचं काही असेल असं सुचवून पाहिलं होतं. जाऊ म्हणाली, "बाहेरचं गिहेरचं काही नाई. गळा सुजला हाये, दिसून राह्यला. डॉक्टरले दाखवू." आमच्या ह्यांना भाजीच्या दिवसांत मळा सोडता येत नव्हता. म्हणून आम्ही दोघी जावा पोरीला कडेवर घेऊन एस.टी.नं वर्ध्याच्या मोठ्या दवाखान्यात गेलो.

तिथे तोबा गर्दी. आमचा नंबर लागला तेव्हा दुपार उलटली होती. डॉक्टर तरुण होता, बाहेरच्या प्रांतातला. मराठी येत नव्हतं, हिंदीत बोलायचा. मला पाणी प्यायला लावून त्यानं मागून माझा गळा चाचपला, हात पुढे करायला लावले, बोटांवर कागद ठेवून तो कसा थरथरतो ते बघितलं, डोळे बघितले. "गला कब से सूजा है?" त्यानं विचारलं. जावेनं सांगितलं. त्याचं म्हणणं असं पडलं की गळ्यातली गाठ जास्तीचं काम करते आहे, म्हणून सगळं शरीर धावत सुटलं आहे. गोळ्या घ्यायच्या, रोज, न चुकता. मधेच सोडायच्या नाहीत. आम्ही उठलो तसा तो पुन्हा म्हणाला, "और सुनो. गला दुखे, बुखार आए, तो गोली बंद करना और फौरन इधर आना. समझे?"

"हो जी, समजलं," जाऊ म्हणाली.

आम्हाला खरंच समजलं होतं. हिंदी आमच्या कानावर रोजचीच होती. बाजारात, बसमध्ये, रेडिओवर. परतताना बसमध्ये जाऊ म्हणाली, "गळा दुखला तं मले सांगजो बरं. लपवजो नोको."

दुसऱ्या दिवसापासून तिनं एक नेम धरला. सकाळी चूल पेटली की ती मला बाजूला बसवायची, माझ्या गळ्याच्या गाठीवर दोन बोटं हलकेच दाबायची आणि विचारायची, "दुखते का?"

"नाई."

"मंग घे गोळी."

गोळ्यांनी गुण आला. संक्रांत जवळ आली तोवर हाताचं थरथरणं जवळपास थांबलं होतं. घाम थांबला. राग गेला. राग गेल्याचं तर मला एका दुपारी अचानक कळलं. मी निवडलेली मेथी पोरीनं मातीत कालवून टाकली आणि मी ती नुसती परत निवडायला घेतली. जाऊ लांबून बघत होती. हसली.

त्याच आठवड्यात माझा घसा दुखायला लागला.

थंडी कडक होती. घरात सगळेच खोकत होते, मामाजींचा आवाज बसला होता, पोरीचं नाक गळत होतं. मी जावेला म्हटलं, "बाई, घसा लय दुखून राह्यला." ती म्हणाली, "साऱ्या गावाचाच दुखून राह्यला, माय. हळदीचं दूध घे." आणि सकाळी तिनं गाठीवर बोटं ठेवून विचारलं, दुखते का? गाठ दुखत नव्हती. मी नाई म्हटलं. गोळी हळदीच्या दुधाबरोबर घेतली.

संक्रांतीला तिळाचा लाडू गिळला नाही. तोंडात फोड आले. मग हुडहुडी भरून ताप. गावात येणाऱ्या डॉक्टरनं सुई दिली, पण ताप उतरेना. गोळी गिळताना मी रडायची, इतकं आत सोलून निघाल्यासारखं व्हायचं. जाऊ मला मांडीशी धरून गोळी घ्यायला लावायची. "सोडू नोको माय. गळा दुखून ताप आला तं बंद करा म्हणलतं, तुझा गळा कुठं दुखून राह्यला? त्या डॉक्टरनं बजावलं हाये. इतका गुण आला, आता सोडली तं पुन्हा तेच होईन." मग एका सकाळी मी दूधसुद्धा गिळू शकले नाही. आमच्या ह्यांनी मला उचलून बंडीत घातलं. पोरीला घेऊन जाऊ बरोबर आली, वडनेरहून बस धरली. त्या प्रवासातलं मला फक्त खिडकीच्या गजाचं थंडगार लोखंड आठवतं. त्यावर मी गाल टेकवला होता.

या वेळी दवाखान्यात डॉक्टरीणबाई होत्या. वयानं मोठ्या, पुण्याकडचं मराठी बोलणाऱ्या. त्यांनी तोंडात बॅटरी मारून बघितलं आणि पहिलाच प्रश्न विचारला, "कुठली गोळी चालू आहे?" जावेनं कमरेच्या पिशवीतून पुडी काढून दिली. डॉक्टरीणबाईंनी ती वाचली, आणि मला तिथल्या तिथे खाटेवर घ्यायला सांगून रक्त काढायला माणूस बोलावला. तपासणीचा कागद यायची वाट न बघता त्या स्वतःच खाली जाऊन सूक्ष्मदर्शकात बघून आल्या.

आमचे हे म्हणाले, "रक्त कमी झालं का जी? माझं घ्या. किती बी घ्या."

"रक्त आहे," त्या म्हणाल्या. "रक्तात लाल पेशी असतात तशा पांढऱ्याही असतात. आजाराचे जंतू आत शिरले की त्यांना मारण्याचं काम त्या पांढऱ्यांचं. हिच्या रक्तात त्या जवळजवळ उरलेल्याच नाहीत. लाल जशा बाटलीतून देता येतात तशा या देता येत नाहीत. हिच्याच हाडांतून पुन्हा तयार व्हायला हव्यात."

"रक्तात पांढरं काय असते?" हे म्हणाले. ते विचारत नव्हते, नुसतेच बोलत होते.

"कायनं झालं पण हे?" जावेनं विचारलं.

"या गोळीनं. गोळी चांगली आहे, बहुतेकांना काही होत नाही. फार थोड्यांना होतं. कुणाला होईल ते आधी कळत नाही." मग त्या थोड्या रागानंच म्हणाल्या, "तुम्हाला सांगितलं नव्हतं का कुणी? घसा दुखला, ताप आला, तर गोळी बंद करून लगेच यायचं म्हणून?"

जाऊ म्हणाली, "गळा म्हणलतं जी त्यायनं. गळा नाई दुखला तिचा. मी रोज दाबून पाहत होतो."

डॉक्टरीणबाईंनी ती पुडी आपल्या खिशात टाकली. मग आवाज खाली आणून म्हणाल्या, "हिंदीत घशालाही गलाच म्हणतात, बाई."

जाऊ भिंतीला टेकून खाली बसली. माझी लेक तिच्या मांडीवर होती, ती तिच्या बांगड्यांशी खेळत राहिली. मी खाटेवरून हे सगळं पाहत होते. ऐकू येत होतं, कळतही होतं. पण कुणा दुसऱ्याच बाईबद्दल बोलणं चालू असावं, तसं.

मला वऱ्हांड्याच्या टोकाच्या एका खोलीत एकटीला ठेवलं. गोळी अर्थातच बंद. हाताच्या शिरेतून औषधं, दिवसातून कितीदा तरी सुया. आत येणारा प्रत्येकजण दारात हात धुवायचा, तोंडावर कापड बांधायचा. आमच्या ह्यांना दिवसातून एकदा, तेही पायातली चप्पल बाहेर काढून, दारापाशी उभं राहायची परवानगी. जावेला नाही, कारण ती खोकत होती. पोरीला तर नाहीच. डॉक्टरीणबाईंनी सांगितलं, इतरांना ज्या सर्दीनं चार शिंका येतात, तिनं तुझा जीव जाऊ शकतो. बाहेरून आलेलंच पाहिजे असं नाही. आपल्या तोंडातले, आपल्या आतड्यातले जंतू, जे एरवी गुमान पडून असतात, तेसुद्धा आता उठतील.

जेवण सगळं उकळलेलं. दुसऱ्या दिवशी हे घरून ताजा मुळा आणि सांबार घेऊन आले होते, मला आवडतो म्हणून. नर्सनं ते दारातच थांबवलं. मातीतलं कच्चं काही आत यायचं नाही. फुलंसुद्धा नाहीत. मळ्यातल्या माणसाला ही गोष्ट पटवणं अवघड. ते मुळ्याची जुडी हातात धरून वऱ्हांड्यात उभे राहिले, आणि मग त्यांनी ती बाहेर बसलेल्या कुणाला तरी देऊन टाकली.

तोंडातल्या फोडांना जांभळं औषध लावत. ओठ, जीभ, हनुवटी, सगळं जांभळं. गिळताना अजून मरणाचं दुखायचं, पण मी ओरडत नसे. दोन महिन्यांपूर्वी मीठ मागितलं म्हणून गंज फेकणारी मी, आता सुई कुठेही खुपसली तरी छताकडे बघत पडायची. मरणार का, हा विचार यायचा. आला तसा जायचा. त्यामागून भीती येईल म्हणून मी वाट बघायची, ती येत नसे. पोरीची आठवणसुद्धा अशीच, कुणीतरी सांगितलेल्या गोष्टीसारखी. तिनं नेमकं कुठलं झबलं घातलं होतं ते मला आठवायचं, आणि त्यापुढे काही नाही. हे दुखण्यामुळे होतं की औषधांमुळे, की मीच तशी होते, ते मला आजही सांगता येणार नाही.

खोलीला वऱ्हांड्याच्या बाजूनं जाळीची खिडकी होती. एका सकाळी जाऊ पोरीला घेऊन त्या खिडकीशी आली. नर्सची नजर चुकवून आली असणार. तिनं तोंडाला पदर बांधला होता. पोरीला उंच धरून ती म्हणाली, "पाह्य, आई पाह्य. आईले टाटा कर."

पोरीनं माझ्याकडे पाहिलं. माझे डोळे गाठीच्या दुखण्यानं पुढे आलेले, गालफडं बसलेली, तोंड जांभळं. मी हात वर केला. हाताला पट्टी होती. पोरगी किंचाळली आणि तिनं जावेच्या मानेत तोंड खुपसलं. जाऊ तिला समजावू लागली, "अवो, आई हाये ते, आपली आई." पण ती वळेचना. शेवटी जाऊ म्हणाली, "जातो मी. भेली पोरगी." आणि गेली.

मी हात खाली घेतला. मला रडू यायला पाहिजे होतं. मी भिंतीवरचा डाग बघत बसले, आणि थोड्या वेळानं नर्सनं आणलेली पातळ खिचडी खाल्ली.

उजव्या हाताच्या बोटाला दवाखान्यात येण्याआधी वांग्याचा काटा लागलेला होता. आमच्याकडे ही रोजची गोष्ट, कुणी बघतसुद्धा नाही. पण ते बोट आता लालभडक झालं होतं आणि लाली तळहाताकडे सरकत होती. डॉक्टरीणबाई रोज आधी तोंड बघायच्या, मग ते बोट. दाबून बघायच्या. "पू नाही," असं त्यांच्या सोबतच्या शिकाऊ डॉक्टरांना इंग्रजीतून सांगायच्या, एवढं मला कळायला लागलं होतं. मला वाटे, पू नाही हे चांगलंच. एकदा मी तसं म्हटलंही.

"नाही गं," त्या म्हणाल्या. "पू म्हणजे तरी काय? जंतूंशी झगडून मेलेल्या पांढऱ्या पेशीच त्या. पू होत नाही याचा अर्थ झगडायला कुणी गेलेलंच नाही."

असे बरेच दिवस गेले. ताप चढायचा, उतरायचा. रक्त रोज काढायचे आणि डॉक्टरीणबाईंचा चेहरा रोज तसाच असायचा. मग एका सकाळी बोट ठणकायला लागलं. इतकं, की मी पहिल्यांदाच नर्सला हाक मारली. घसाही आदल्या दिवसापेक्षा जास्त सुजल्यासारखा. मला वाटलं, आता संपलं. डॉक्टरीणबाई आल्या, बोट उजेडाकडे धरलं. काट्याच्या जागी पिवळट टोक आलं होतं. त्यांनी ते सुईनं हलकेच टोकरलं आणि कापसावर पू आला.

त्या हसल्या. मी त्यांना हसताना तेव्हाच पाहिलं. त्यांनी बाहेरच्या शिकाऊ डॉक्टरांना आत बोलावलं, आणि ती सगळी तरुण मंडळी, तोंडाला कापडं बांधून, माझ्या बोटाभोवती उभी राहिली. दुपारी रक्ताचा कागद आला. पांढऱ्या पेशी पुन्हा दिसायला लागल्या होत्या. थोड्या, पण होत्या.

दारात उभ्या असलेल्या आमच्या ह्यांना बाईंनी सांगितलं, "बोटात पू झालाय हिच्या. आता काळजी नाही."

हे माझ्याकडे आणि त्यांच्याकडे आळीपाळीनं बघत राहिले. "पू झाला तं बरं का जी?" त्यांनी विचारलं. आणि मग ते वऱ्हांड्यात जाऊन भिंतीकडे तोंड करून रडले. मला दारातून त्यांची पाठ दिसत होती.

त्यानंतर सगळं पटापट झालं. ताप गेला, तोंड भरून आलं, मी भाताचा घास गिळला. मला मोठ्या वॉर्डात हलवलं आणि जावेला आत यायला मिळालं. ती खाटेशेजारी स्टुलावर बसली. बराच वेळ माझ्या पायावरचं पांघरूण सारखं करत राहिली. मग म्हणाली, "मीच चारल्या तुले त्या गोळ्या. तू नाई म्हणत होती."

"तुमचा काय दोष, बाई," मी म्हटलं.

मी ते मनापासून म्हटलं होतं. पण माझा आवाज तेव्हा कसा यायचा ते मला ठाऊक आहे. सपाट. दळणाचं सांगावं तसा. तिला ते माफ केल्यासारखं वाटलं नाही. ती म्हणाली, "तू काऊन भांडत नाई माझ्याशी? भांडली असती तं बरं वाटलं असतं." मला भांडता येत नव्हतं. मी तिचा हात धरायला पाहिजे होता, हे मला नंतर कितीतरी दिवसांनी सुचलं.

गळ्याच्या गाठीचं काम तसंच राहिलं होतं. त्या गोळ्या आता जन्मात घ्यायच्या नाहीत, असं डॉक्टरीणबाईंनी मोठ्या अक्षरात लिहून दिलं. घरी आल्यावर महिन्याभरात पुन्हा धडधड, पुन्हा घाम. मग दुसरी औषधं, आणि उन्हाळा संपता संपता नागपूरला गळ्याचं ऑपरेशन. ते नीट झालं. गळ्यावर आडवा व्रण आला. तो मंगळसूत्राच्या पोतीखाली बराचसा झाकला जातो.

या सगळ्यात पोरगी जावेची झाली. कुणी ठरवलं नाही. मी दवाखान्यात होते तेव्हा ती जावेजवळ झोपायची. मी घरी आले तेव्हा मला घरात कुणाचीही सर्दी चालणार नव्हती, आणि पोरीचं नाक सतत गळायचं, म्हणून ती जावेजवळच राहिली. नागपूरहून आले तेव्हा मला तिला उचलायची मनाई होती. मनाई संपली तेव्हा मी एका संध्याकाळी तिला माझ्या अंथरुणात घेतलं. ती शहाण्यासारखी पडून राहिली, आणि माझा डोळा लागतोय असं वाटल्यावर उठून, अंथरुणं ओलांडत, जावेकडे गेली. मी डोळे मिटूनच होते. जावेचा आवाज आला, "जा, आईपाशी जा." पोरगी म्हणाली, "नाई." मग पांघरूण सरकवल्याचा आवाज आला.

सकाळी जाऊ माझ्याकडे बघेना. मी म्हटलं, "असू द्या, बाई."

पोरगी जावेला माय म्हणायची आणि मला आई. पुढे आमच्या ह्यांना वर्ध्यात नोकरी लागली आणि आम्ही शहराला लागून असलेल्या पिपरीला दोन खोल्या घेतल्या. तेव्हा पिपरीत घरांपेक्षा मोकळी वावरंच जास्त होती. मी तिथल्या बालवाडीत शिकवायला लागले. पोरीला न्यायचं की नाही यावर घरात बोलणं निघालं, तेव्हा मामाजी म्हणाले, पोरीले विचारा. पोरगी जावेच्या मागे जाऊन उभी राहिली. ती गावातल्या शाळेतच चौथीपर्यंत शिकली. सुटीत यायची, पाहुण्यासारखी नीट वागायची, सुटी संपली की परत. मला पुन्हा दिवस राहिले नाहीत.

पाचवीला मात्र तिला वर्ध्याच्या शाळेत घालायचं, हे जावेनंच ठरवलं. जून महिन्यात ती स्वतः तिला घेऊन आली. पोरीची पेटी, पुस्तकं, आणि भाजीचं एक मोठं टोपलं. आठ दिवस राहिली. पोरीला शाळेचा रस्ता दाखवला, तिच्या केसांना तेल कुठलं लागतं, झोपेत ती कशी बडबडते, दूध नुसतं देऊ नको, त्यात गूळ घाल, असं एकेक मला सांगितलं. मी सगळं ऐकून घेतलं.

जायच्या दिवशी आम्ही तिघी स्टँडवर गेलो. गावाकडे जाणारी हिंगणघाटची बस लागलेलीच होती. जाऊ खिडकीशी बसली, तिनं गजातून हात काढून पोरीच्या डोक्यावर ठेवला. "आईचं ऐकजो," म्हणाली. मग मला म्हणाली, "तब्येतीले जपजो." बस मागे सरकली, वळली आणि गेली.

पोरगी रडेल म्हणून मी तयार होते. ती रडली नाही. बस दिसेनाशी होईपर्यंत तशीच उभी राहिली. मी तिच्या बाजूला उभी होते. तिला जवळ घ्यावं असं माझ्या मनात आलं, आणि हात उचलायला जरा वेळ लागला, पण उचलला. तिच्या खांद्यावर ठेवला. तिनं तो राहू दिला.

घरी आल्यावर तिनं विचारलं, "आई, प्यायचं पाणी कोणत्या माठातलं?"

आजवर तिला पाणी कुणीतरी भरून हातात देत असे. मी दाखवलं. तिनं गडवा भरून घेतला आणि पायरीवर बसून पाणी प्यायली. मी कणीक भिजवायला घेतली.